घरकर्जाचे खरे मोल

विद्यार्थिमित्रहो, आपल्या अंकगणिताच्या पुस्तकात व्याजाची उदाहरणे येतात, ती आपण सोडवितो, उत्तर ताडून पाहतो आणि पुस्तक मिटून ठेवतो. त्याच व्याजाशी आपल्या घरातील वडील मंडळींचा वीस-वीस वर्षे सामना चाललेला असतो, याची कल्पना आपणांस क्वचितच असते. म्हणून यंदाच्या अंकात एका जिवंत उदाहरणाचा विचार करावा, असे आम्ही योजिले आहे. हा पाठ जितका विद्यार्थ्यांसाठी आहे, तितकाच त्यांच्या पालकांसाठीही आहे.

सोलापूरहून पुण्याकडे जाणाऱ्या हमरस्त्यावर चिंचोळी एमआयडीसीची वसाहत आहे. तेथील कारखान्यांत पाळीने काम करणारे कित्येक पालक आपली मुले आमच्याकडे शिक्षणासाठी पाठवितात. त्यांपैकी एक गृहस्थ एके दिवशी रात्रपाळी संपवून थेट शाळेत आले. हातात कर्जखात्याचा उतारा होता. ते म्हणाले, “सर, चार वर्षे झाली, एकही हप्ता चुकविला नाही. चार लाखांवर रुपये भरले. आणि कर्ज उतरले म्हणावे तर लाखभरही नाही! आम्हांला कोणी फसविले तर नाही ना? हे असेच चालणार असेल, तर मुलाला दहावीनंतर कारखान्यात लावून देतो. तेवढाच हातभार लागेल.”

मुलगा हुशार होता. प्रश्न केवळ हिशेबाचा राहिला नव्हता, त्याच्या पुढील शिक्षणाचा झाला होता. आम्ही फळ्यापाशी गेलो व दोघांनी मिळून हिशेब मांडला. तोच येथे देतो. समजण्यास सोपे जावे म्हणून आकडे पुरते घेतो: कर्ज १०,००,००० रुपये, व्याज दरसाल शेकडा ९, मुदत २० वर्षे, म्हणजे २४० हप्ते. दर सर्व काळ तोच राहिला, असे तूर्त धरू.

हप्त्याचे पोट फोडून पाहू

अशा कर्जाचा मासिक हप्ता ८,९९७ रुपये येतो. दरसाल शेकडा ९ म्हणजे दरमहा शेकडा पाऊण. दहा लाखांचा पाऊण टक्का ७,५०० रुपये होतो. म्हणजे पहिल्या हप्त्यातील ७,५०० रुपये व्याजाकडे गेले आणि मुद्दल फिटले अवघे १,४९७ रुपये. दुसऱ्या महिन्यात बाकी ९,९८,५०३ राहिली, तिचे व्याज ७,४८९ आणि मुद्दलात जमा १,५०८. याप्रमाणे दर महिन्यास व्याजाचा वाटा किंचित घटतो व मुद्दलाचा वाटा किंचित वाढतो. हप्ता मात्र तोच राहतो. त्यामुळे वरून पाहणाऱ्यास आतील पालट दिसत नाही.

आता चार वर्षांचा हिशेब पाहा. ४८ हप्त्यांत भरणा झाला सुमारे ४,३१,९०० रुपये; कर्ज उतरले सुमारे ८६,१०० रुपये; बाकी राहिली सुमारे ९,१३,९०० रुपये. त्या गृहस्थांस कोणी फसविले नव्हते. कर्जाची रीतच अशी आहे. व्याज हे राहिलेल्या बाकीवर चढते आणि आरंभी बाकी मोठी असते, म्हणून आरंभीचे हप्ते व्याजातच विरून जातात. हप्त्यातील मुद्दलाचा वाटा व्याजाहून मोठा व्हावयास १४९ वा हप्ता उजाडावा लागतो, म्हणजे बारा वर्षे उलटून जातात. दहा वर्षांनी, अर्धी मुदत सरल्यावर, बाकी अर्धी झाली असेल असा कोणाचाही समज होईल. पण ती सुमारे ७,१०,३०० असते. ती पाच लाखांच्या खाली यावयास पुरती चौदा वर्षे लागतात.

वीस वर्षांच्या अखेरीस एकंदर भरणा होतो सुमारे २१,५९,३०० रुपये. घेतले दहा लाख. त्यावर व्याज दिले ११,५९,३००. व्याज मुद्दलाहून मोठे झाले.

मुदत आणि मोल

हप्ता लहान दिसला की कर्ज स्वस्त पडले, असे मनास वाटते. या भ्रमाचे निरसन पुढील आकड्यांनी होईल. कर्ज व दर तेच. मुदत तेवढी निराळी.

मुदत १० वर्षे: हप्ता १२,६६८, एकूण व्याज सुमारे ५,२०,१००
मुदत १५ वर्षे: हप्ता १०,१४३; एकूण व्याज सुमारे ८,२५,७००
मुदत २० वर्षे: हप्ता ८,९९७; एकूण व्याज सुमारे ११,५९,३००
मुदत ३० वर्षे: हप्ता ८,०४६, एकूण व्याज सुमारे १८,९६,६००

वीस वर्षांऐवजी तीस वर्षे घेतली, तर दरमहा साडेनऊशे रुपयांची सवलत मिळते खरी. परंतु तिच्यापायी ७,३७,३०० रुपये अधिक व्याज द्यावे लागते. म्हणून कर्ज घेताना “हप्ता किती?” एवढेच विचारून थांबू नये, “एकंदर किती?” हेही विचारावे.

दर वाढला असता

आतापर्यंत आपण दर स्थिर धरला. परंतु बहुतेक गृहकर्जांचा दर चढता-उतरता असतो. रिझर्व्ह बँकेने आपला रेपो दर मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या अवधीत शेकडा ४ वरून शेकडा ६.५ पर्यंत वाढविला, तेव्हा असंख्य कर्जदारांस याचा अनुभव आला. हप्ता तोच ठेवून मुदत लांबविण्याची वहिवाट असल्यामुळे पुष्कळांना काय घडले, हे कळलेही नाही.

आपल्या उदाहरणात आरंभीच दर ९ चा १० झाला व हप्ता ८,९९७ च राहिला, तर २४० हप्त्यांऐवजी सुमारे ३१४ हप्ते लागतात. केवळ एका टक्क्याने सहा वर्षांचे ओझे वाढले! आणि दर ११ झाला तर? पहिल्याच महिन्याचे व्याज ९,१६७ रुपये होते. हप्ता त्याहून लहान. म्हणजे हप्ता भरूनही कर्ज उतरण्याऐवजी चढू लागेल. हा प्रकार घडू नये म्हणून रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ रोजी आज्ञा काढली. दर पालटताना हप्ता वाढवावा, मुदत वाढवावी, की दोन्ही थोडे थोडे करावे, ही निवड कर्जदारास द्यावी. स्थिर दराकडे जाण्याचीही संधी द्यावी, असे तेव्हा त्यात होते; २०२५ पासून मात्र ती देणे बँकेच्या मर्जीवर आहे. आणि मुदत इतकी ताणू नये की हप्त्यात व्याजही भागणार नाही. पालकांनी आपला हा अधिकार ध्यानात ठेवून बँकेकडे लेखी विचारणा करावी.

हा धडा आपल्या मुलखास नवा नाही

कर्जाचा हिशेब न समजल्याने काय अनर्थ होतो, हे आपल्या दख्खनने पूर्वी भोगले आहे. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकऱ्यांचा उठाव झाला, आणि तो इतर गावांत व अहमदनगर जिल्ह्यात पसरला. लोकांचा रोख सावकारांच्या कर्जरोख्यांवर होता. ते हिसकावून त्यांनी जाळले. मुदत संपण्यापूर्वी सावकार रोखा नवा करून घेई आणि थकलेले व्याज मुद्दलात मिळवी. त्या वाढलेल्या मुद्दलावर पुन्हा व्याज चढे. कुणब्यास लिहिता-वाचता येत नसल्याने मूळ रक्कम किती व फिटली किती, हे त्यास उमगत नसे.

या प्रकरणाची चौकशी होऊन १८७९ साली दख्खन शेतकरी साहाय्य कायदा झाला. तो प्रथम पुणे, सातारा, अहमदनगर आणि आपले सोलापूर या चार जिल्ह्यांस लागू झाला. न्यायाधीशाने केवळ रोख्यावरील आकडा न पाहता व्यवहार आरंभापासून तपासावा आणि शेतकऱ्यास भरण्याची पावती व हिशेब मिळावा, हे त्यातील मर्म होते. आपल्या जुन्या धर्मशास्त्रातही दामदुपटीचा नियम होता. त्यानुसार एका वेळी मुद्दलाहून अधिक व्याज सावकारास वसूल करता येत नसे. आजच्या गृहकर्जात व्याज साचत नाही, महिन्याचे महिन्याला दिले जाते. त्यामुळे तो नियम त्यास आडवा येत नाही. म्हणूनच वीस वर्षांत दुपटीहून अधिक भरूनही कोणास ते जाणवत नाही.

हिशेब कर्जदाराच्या डोळ्यांसमोर असावा, हे १८७९ चे तत्त्व आज निराळ्या रूपाने आले आहे. १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जाबरोबर ‘मुख्य तथ्य विवरण’ देणे बँकांवर बंधनकारक आहे. त्यात व्याजासह सर्व खर्च धरून वार्षिक दर किती पडतो, हे लिहिलेले असते, आणि हप्त्यांचे कोष्टकही असते. ते कर्जदारास समजेल अशा भाषेत असले पाहिजे. कागद मिळतो, तो वाचणे मात्र आपल्या हाती आहे.

दुसरी बाजू

एवढे ऐकून कोणी म्हणेल, तर मग कर्ज काढूच नये काय? तसे आमचे म्हणणे नाही. कर्ज न काढणाऱ्यासही घरभाडे द्यावे लागते, आणि भाडे देऊन घर आपले होत नाही. शिवाय महागाईमुळे वीस वर्षांनंतरच्या रुपयाची किंमत आजच्याइतकी राहत नाही. पगार वाढला तर तोच हप्ता पुढे हलका वाटतो. कष्टकऱ्यास हक्काचे छप्पर ही केवढी गोष्ट आहे, हे सोलापूरकरांस सांगावयास नको. १९ जानेवारी २०२४ रोजी कुंभारीच्या रे नगर वसाहतीतील १५,००० घरे कामगार कुटुंबांस अर्पण झाली, तो आनंद आपण पाहिला आहे.

परंतु घर तारण आहे, हे विसरू नये. हप्ते ९० दिवस थकले, तर २००२ च्या कायद्यान्वये बँक ६० दिवसांची नोटीस देऊन, दिवाणी दावा न लावता, घराचा ताबा घेण्याच्या मार्गास लागू शकते. वीस वर्षांचा करार करताना वीस वर्षांची नोकरी गृहीत धरलेली असते. ज्या नगरातील नामांकित गिरण्या एकामागून एक बंद पडल्या, त्या नगरातील लोकांनी ही गोष्ट अधिकच जपून तोलावी. मुद्रांक, नोंदणी, विमा, घरपट्टी, दुरुस्ती हे खर्चही हिशेबात धरावेत.

मुद्दलावर घाव

आता त्या गृहस्थांच्या प्रश्नाकडे वळू. अडीअडचणीची शिल्लक बाजूस ठेवूनही त्यांच्यापाशी ५०,००० रुपये होते. त्यांतून मोटारसायकल घेण्याचा विचार होता. आम्ही हिशेब करून दाखविला: चार वर्षांच्या अखेरीस ही रक्कम मुद्दलात भरली व हप्ता तोच ठेवला, तर सुमारे साडेएकवीस हप्ते कमी होतात, म्हणजे पुढील सुमारे १,९४,००० रुपये वाचतात. हीच रक्कम पंधरा वर्षांनी भरली असती, तर सुमारे साडेआठच हप्ते, म्हणजे ७६,००० रुपये वाचले असते. आरंभी बाकी मोठी, म्हणून घावही आरंभीच घालावा. तसेच पहिल्या महिन्यापासून हप्त्यापेक्षा १,००० रुपये अधिक भरत गेल्यास वीस वर्षांचे कर्ज साडेपंधरा वर्षांत फिटते व सुमारे तीन लाख रुपये व्याज वाचते. चढत्या-उतरत्या दराच्या गृहकर्जावर अशा मुदतपूर्व फेडीबद्दल बँकांस २०१२ पासून दंड घेता येत नाही. मात्र रक्कम भरताना “हप्ता तोच ठेवा, मुदत कमी करा,” असे लेखी द्यावे व नवे कोष्टक मागून घ्यावे. कर्ज फिटल्यावर मूळ दस्तऐवज ३० दिवसांत परत मिळाले पाहिजेत, असाही नियम आहे.

त्या गृहस्थांनी फळ्यावरील आकडे वहीत उतरवून घेतले. जाताना म्हणाले, “हे मला चार वर्षांपूर्वी कोणी सांगितले असते तर!” पन्नास हजार मुद्दलात जमा झाले. मुलास कारखान्यात लावण्याचा विचार त्यांनी सोडला. तो आज अकरावीत शिकत आहे. हप्ता पूर्वीइतकाच आहे, पण त्याचा शेवट कोठे आहे हे आता त्यांस दिसते, आणि दिसणाऱ्या ओझ्याखाली मनुष्य सहसा खचत नाही.

बुरूज बांधू इच्छिणाऱ्याने आधी बसून खर्चाचा अंदाज घ्यावा, असा दृष्टांत प्रभू येशूने दिला आहे. ‘आधी बसून’ यातच सारे आले. सही करण्यापूर्वी एक संध्याकाळ बसावे, मुलांना जवळ घ्यावे आणि हिशेब मांडावा. विद्यार्थिमित्रहो, आपण शिकलेले गणित त्या संध्याकाळी वडिलांच्या कामी आले, तर शाळेचे श्रम सार्थकी लागले, असे आम्ही समजू.

अभ्यासासाठी प्रश्न

१. बाकी ६,००,००० रुपये, दर शेकडा ९ व हप्ता ८,९९७ रुपये असता, त्या महिन्यात व्याज किती व मुद्दलात जमा किती?

२. १०,००,००० रुपयांवर शेकडा ९ दराने २० वर्षांचे सरळव्याज काढा. ते वरील ११,५९,३०० हून अधिक येते, याचे कारण लिहा. कोणी ‘सपाट दराने’ कर्ज देऊ केल्यास कोणता धोका संभवतो?

३. घरी कर्ज असल्यास वडीलधाऱ्यांच्या अनुमतीने गेल्या वर्षाचा उतारा पाहा, आणि वर्षभरात भरणा किती व कर्ज किती उतरले, हे त्यांस समजावून सांगा.