पटवारी हलका आणि आदिवासींची जमीन

सातपुड्याच्या दक्षिणेस जाम व कन्हान या नद्यांच्या खोऱ्यांत असलेल्या सौंसर आणि पांढुर्णा या तहसिली राज्याने मध्यप्रदेशी, बोलीने मात्र बव्हंशी मराठी आहेत. संत्र्यांच्या बागांमुळे हा टापू सर्वपरिचित झाला. बागा सोडून डोंगराकडे वळले की गोंडांची गावे लागतात. या मुलुखावर एके काळी देवगडच्या गोंड राजांचा अंमल होता. नागपूर शहर वसविणारा बख्त बुलंद हा त्याच घराण्यातील. त्या राज्यकर्त्या जमातीच्या शेतकऱ्यास आज स्वतःच्या बांधासाठी खसऱ्याच्या नकला शोधाव्या लागतात, हा काळाचा महिमा होय.

गोंड कुटुंबाच्या दृष्टीने शेत ही केवळ मिळकत नसते. गावचा भुमका ज्या देवांची पूजा करतो, ते त्या गावच्या शिवेशी बांधलेले असतात. बडादेवाचे ठाणे साजाच्या, म्हणजे ऐनाच्या, झाडाशी असते. जमीन गेली की कुटुंब मजुरीसाठी परगावी जाते. देव मात्र तेथेच राहतो.

अशी जमीन हातची जाऊ नये म्हणून मध्यप्रदेश भू-राजस्व संहिता, १९५९ हिच्या कलम १६५(६) मध्ये तरतूद आहे. शासनाने त्यासाठी अधिसूचित केलेल्या आदिवासीबहुल भागात बिगर-आदिवासीस जमीन हस्तांतरित करताच येत नाही. इतरत्र जिल्हाधिकाऱ्यांची लेखी परवानगी लागते व ती देण्याची कारणे नोंदवावी लागतात. मोबदला पुरेसा आहे काय, व्यवहार बेनामी तर नाही ना, हेही त्यांनी पाहावयाचे असते. परंतु कायदा होऊनही उसनवारी व गहाणाच्या आडून जमिनी जातच राहिल्या. म्हणून १९८० साली कलम १७०-ख घालण्यात आले. दि. २ ऑक्टोबर १९५९ ते २४ ऑक्टोबर १९८० या काळात आदिवासीची असलेली शेतजमीन ज्याच्या ताब्यात असेल, त्याने ती कशी मिळाली हे दोन वर्षांत उपविभागीय अधिकाऱ्यांस कळवावे, न कळविल्यास ताबा बेकायदेशीर मानला जावा, असा तिचा आशय आहे. पुराव्याचा भार अशा रीतीने ताबेदारावर आला. निरक्षर शेतकऱ्यास याहून मोठे साहाय्य कोणते?

पुढे याच कलमात ग्रामसभेस अधिकार मिळाला. बेकायदेशीर ताब्यातील जमीन ग्रामसभेने मूळ मालकास अथवा त्याच्या वारसास परत करावी. ते न जमल्यास प्रकरण उपविभागीय अधिकाऱ्यांकडे पाठवावे आणि त्यांनी तीन महिन्यांत ताबा द्यावा. मात्र हा अधिकार फक्त अनुसूचित क्षेत्रातील ग्रामसभेचा आहे, आणि खरी मेख येथेच आहे.

सौंसर तहसील सबंध अनुसूचित नाही. २००३ च्या राष्ट्रपतींच्या आदेशानुसार तेथील ५, ८, ९, १०, ११ व १४ या क्रमांकांचे पटवारी हलकेच तेवढे अनुसूचित आहेत. पांढुर्णा तहसिलीत १ ते ११ व १३ ते २६ हे हलके, भुली गाव वगळून हलका १२, सत्ताविसाव्यातील नांदपूर आणि अठ्ठाविसाव्यातील नीलकंठ व धावडीखापा ही गावे येतात. परिणामी, एकाच जमातीच्या दोन शेजाऱ्यांपैकी एकास गावच्या चावडीवर न्याय मागता येतो, तर दुसऱ्यास तहसिलीच्या ठिकाणी खेपा घालाव्या लागतात. दुसऱ्याचा हक्क बुडत नाही, कारण कलम १७०-ख ची मूळ तरतूद त्यालाही लागू आहे. पण एका खेपेत एक दिवसाची मजुरी बुडते.

आणखी एक गोष्ट ध्यानात ठेवावयास हवी. सदर आदेशातील क्षेत्रे आदेश निघाला त्या दिवशीच्या हद्दींप्रमाणे वाचावयाची असतात. त्यानंतर, २०२३ मध्ये, या दोन्ही तहसिली छिंदवाडा जिल्ह्यातून निघून नव्या पांढुर्णा जिल्ह्यात आल्या. हलक्यांचे क्रमांक बदलले तरी संरक्षण जुन्या हद्दीचेच राहते. यास्तव गाव अनुसूचित आहे की नाही हे ठरविताना आजचा क्रमांक पाहून भागत नाही. २००३ मध्ये ते गाव कोणत्या हलक्यात होते, हे जुन्या अभिलेखावरून पाहावे लागते.

वनजमिनीची गोष्ट वेगळी आहे. वन हक्क अधिनियम, २००६ यास हलक्याची अट नाही. दि. १३ डिसेंबर २००५ पूर्वीपासून आदिवासी कुटुंब कसत असलेली वनजमीन, कमाल चार हेक्टरपर्यंत, त्याच्या नावे होऊ शकते. दाव्याची सुरुवात ग्रामसभेतच होते. हा हक्क वारसांकडे जातो, पण विकता येत नाही. आणि विवाहित असल्यास पट्ट्यावर पती व पत्नी या दोघांचीही नावे घालावी लागतात.