शब्द-अभ्यास : ‘कॉलिक’ म्हणजे काय?



पाड्यावरच्या आया दवाखान्यातून आल्या की मला एक शब्द विचारतात : कॉलिक. हा कोणता रोग? या अंकात त्याचा अर्थ पाहू.

शब्दाचे मूळ : ग्रीक भाषेत ‘कोलोन’ म्हणजे मोठे आतडे. त्यावरून ‘कोलिकोस’, म्हणजे मोठ्या आतड्यासंबंधीचे. लॅटिन आणि फ्रेंचमधून हा शब्द इंग्रजीत आला. आपल्याकडे पोटशूळ म्हणतात. संस्कृतात ‘शूल’ म्हणजे भाला, टोकदार शस्त्र. आपला ‘सूळ’ही त्याच घराण्यातला. ग्रीक शब्द दुखण्याची जागा सांगतो, आपला शब्द ते कसे टोचते हे सांगतो.

अर्थ : पुढे हा अर्थ रुंदावला. मुतखडा मूत्रनळीत अडकला की नळीचे स्नायू आवळतात आणि कळा येतात. तिथे मोठ्या आतड्याचा संबंध नसतो, तरी त्यालाही कॉलिकच म्हणतात. म्हणजे हे एका रोगाचे नाव नसून एका प्रकारच्या दुखण्याचे नाव आहे.

बाळाच्या बाबतीत : १९५४ साली अमेरिकेतील बालरोगतज्ज्ञ मॉरिस वेसल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी एक खूण दिली. पोट भरलेले, निरोगी बाळ दिवसाला ३ तासांहून जास्त, आठवड्यात ३ दिवसांहून जास्त आणि ३ आठवड्यांहून जास्त काळ रडत असेल, तर ते कॉलिक. हे रडणे साधारण सहाव्या आठवड्यात सर्वांत वाढते आणि ३-४ महिन्यांत बहुधा आपोआप थांबते.

हे ‘आपोआप’ नीट लक्षात ठेवा. मेळघाटात पोट फुगलेल्या बाळाला तापलेल्या विळ्याने चटके देतात; त्याला डंबा म्हणतात. चटक्यानंतर काही दिवसांनी रडणे थांबले, की श्रेय चटक्याला जाते. खरे तर ते थांबणारच होते. मागे राहते ती जखम, आणि कोवळ्या जिवाला जंतुसंसर्गाचा धोका. आजार दुसराच असेल, तर उपचाराची वेळही हातची जाते.

मग काय करावे? बाळाला उभे धरून ढेकर काढावी, छातीशी घेऊन फिरवावे. पहिले ६ महिने फक्त आईचे दूध. घुटी, मध, पाणी नको. थकलेल्या आईच्या हातून घरातल्या दुसऱ्या कोणीतरी बाळ घ्यावे. ताप, हिरवी उलटी, शौचात रक्त, कडक फुगलेले पोट, दूध न ओढणे, यांतले एकही लक्षण दिसले तर ते कॉलिक समजू नये; ताबडतोब आशाताईंना कळवून दवाखाना गाठावा.

चटके देणारी आई निर्दय नसते. रात्र-रात्र रडणाऱ्या लेकराला आराम पडावा, एवढेच तिला हवे असते. म्हणून गावभेटीला याल तेव्हा तिला दोष देऊ नका. आधी तिचे ऐका, आणि मग या शब्दाचा अर्थ तिच्या बोलीत तिला सांगा.