टक्का शरीराचा आणि टक्का कमाईचा

(द्वितीय वर्ष, कला)

माणसाच्या एका पायाची किंमत किती? प्रश्न निर्दय वाटतो खरा. परंतु मोटार अपघात दावा न्यायाधिकरणापुढे तो रोज उभा राहतो आणि त्याचे उत्तर रुपयांतच द्यावे लागते. ते उत्तर कसे काढतात, हे समजून घेण्याचा हा अल्प प्रयत्न आहे.

आमचे उचगाव पुणे-बंगळूर महामार्गालगत आहे. एका बाजूला शिरोली, दुसऱ्या बाजूला गोकुळ शिरगाव, अशा दोन औद्योगिक वसाहतींमध्ये पाळीच्या वेळी कामगारांची ये-जा चालू असते. माझे वडील एका फौंड्रीत मोल्डिंगचे काम करीत. दोन वर्षांपूर्वी रात्रपाळीहून परतताना ट्रकची धडक बसली. पाय वाचला; पण गुडघा वाकत नाही. वैद्यकीय दाखल्यावर डाव्या पायाचे अपंगत्व ४० टक्के लिहिले आहे. हा आकडा एका पायाचा. संपूर्ण शरीराचा धरला तर तो याहून कमी भरतो. समोरच्या पक्षाचे म्हणणे असे की, जितके शरीर अधू, तितकीच कमाई बुडाली. हे म्हणणे बरोबर आहे काय?

सर्वोच्च न्यायालयाने राजकुमार विरुद्ध अजयकुमार या २०१० च्या निकालात याचे उत्तर दिले आहे. डावा हात तुटलेला माणूस सुतार किंवा ड्रायव्हर असेल, तर त्याची कमाई जवळजवळ पूर्णच बुडते. तोच माणूस सरकारी कचेरीत कारकून असेल, तर नोकरी टिकूही शकते. म्हणजे शरीराचा टक्का डॉक्टर सांगतात; कमाईचा टक्का मात्र त्या माणसाचे काम पाहून न्यायाधिकरणाने ठरवायचा असतो.

आता हिशेब पाहू. समजा, ४४ वर्षांच्या कामगाराला दरमहा १५,००० रुपये मिळत होते. वर्षाचे झाले १,८०,०००. कायम सरकारी नोकरी नसली तरी माणसाची कमाई पुढे वाढते, हे प्रणय सेठी निकालाने २०१७ मध्ये मान्य केले. ४० ते ५० वयासाठी ही वाढ २५ टक्के. म्हणजे २,२५,००० रुपये. सरला वर्मा निकालातील (२००९) तक्त्याप्रमाणे ४१ ते ४५ वयाचा गुणक १४. गुणाकार ३१,५०,००० रुपये. यावर कमाईचा टक्का लावायचा. तो २० धरला तर ६,३०,००० मिळतात. ७० धरला तर २२,०५,०००. एका आकड्यावर पावणेसोळा लाखांचा फरक! म्हणून आमच्या वकीलसाहेबांनी मला वडिलांचे काम तपशीलवार लिहून आणायला सांगितले. वाळू चाळणे, उकिडवे बसून साचा ठोकणे, तो उचलणे, तापलेला रस ओतणे. वडील सांगत गेले, मी लिहीत गेलो. यांतले एकही काम न वाकणाऱ्या गुडघ्याने होत नाही.

कमाईखेरीज इतरही बाबी आहेत. हट्टंगडी खटल्याच्या निकालात (१९९५) न्यायालयाने भरपाईचे दोन भाग सांगितले. औषधोपचार, प्रवास, बुडालेली मजुरी, शुश्रूषा हा पैशांत मोजता येणारा भाग. वेदना आणि जगण्यातला हरवलेला आनंद हा दुसरा. शुश्रूषेविषयी थोडे अधिक लिहितो. माझी आई भांगलणीला जात असे. वडिलांसाठी तिने सात महिने मजुरी सोडली. पगारी माणूस ठेवला असता तर त्याची पावती झाली असती. आईची पावती कोण देणार? परंतु घरच्या माणसाने केलेल्या सेवेलाही मोल आहे, हे न्यायालये मान्य करतात. ते मागावे मात्र लागते.

कायद्यातील दोन गोष्टी प्रत्येकाने ध्यानात ठेवाव्यात. २०१९ च्या दुरुस्तीने अर्जासाठी अपघातापासून सहा महिन्यांची मुदत घातली असून ती १ एप्रिल २०२२ पासून लागू आहे. तिला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिले गेले आहे. तरी शहाण्याने मुदतीतच अर्ज करावा. दुसरे असे की, कलम १६४ खाली चूक कोणाची हे सिद्ध न करता गंभीर दुखापतीला अडीच लाख व मृत्यूला पाच लाख मिळतात. पण ही रक्कम स्वीकारली की मोठा दावा संपुष्टात येतो. घरात चूल पेटत नसताना अडीच लाख हातात पडत असतील, तर नाही म्हणणे किती कठीण असते, हे मी पाहिले आहे. आमच्या घरी या प्रश्नावर तीन रात्री बोलणे चालले. शेवटी आईच म्हणाली, "थांबूया." दावा अजून चालू आहे.

निकाल विरुद्ध गेला तर नव्वद दिवसांत उच्च न्यायालयात अपील करता येते. पूर्वी त्यासाठी मुंबई गाठावी लागे; १८ ऑगस्ट २०२५ पासून खंडपीठाचे काम कोल्हापुरातच सुरू झाले आहे. गरिबाच्या दृष्टीने ही सोय लहान नव्हे.

आमच्या गल्लीत पगाराची चिठ्ठी मिळणारे थोडे आणि ती जपून ठेवणारे त्याहून थोडे. पुरावा नसला की किमान वेतनासारख्या अंदाजावर उत्पन्न धरले जाते आणि वरचा सगळा हिशेब तिथेच आक्रसतो. आपल्यापैकी अनेकांच्या घरांत वाचता-लिहिता येणारे पहिले माणूस आपणच आहोत. तेव्हा घरातील कमावत्या माणसाचे काम काय, मजुरी किती, ती कशी मिळते, एवढे एका वहीत आजच लिहून ठेवावे. अर्थशास्त्राच्या तासाला आपण राष्ट्रीय उत्पन्न मोजायला शिकतो. घरातले उत्पन्न मोजण्याइतके तरी ते शिक्षण कामी यावे.