अँड्र्यू जॅक्सनचे चरित्र वाचताना

चि. ईशास,


अँड्र्यू जॅक्सन हा अमेरिकेचा सातवा राष्ट्राध्यक्ष. कारकीर्द १८२९ ते १८३७. जन्म १५ मार्च १७६७ चा, उत्तर आणि दक्षिण कॅरोलिनाच्या सीमेवरच्या वॅक्सहॉ भागातला. वडील त्याच्या जन्माआधीच वारले. स्वातंत्र्ययुद्धात, जेमतेम चौदा वर्षांचा असताना, ब्रिटिशांनी त्याला पकडले. अधिकाऱ्याचे बूट पुसायला नकार दिला म्हणून त्याच्यावर तलवार चालवली. त्या युद्धाच्या काळातच दोन्ही भाऊ आणि आई गेली. हा पोरका मुलगा पुढे वकील झाला, टेनेसीत स्थिरावला आणि ८ जानेवारी १८१५ रोजी न्यू ऑर्लिन्सला ब्रिटिश फौजेला हरवून देशभर गाजला.

१८२४ च्या निवडणुकीत सर्वाधिक मते त्यालाच पडली होती, पण स्पष्ट बहुमत कोणालाच नव्हते. प्रतिनिधिगृहाने जॉन क्विन्सी ॲडम्सला निवडले. चार वर्षांनी निवडणूक जिंकून जॅक्सनने त्याची भरपाई केली. मतदानासाठीची मालमत्तेची अट बहुतेक राज्यांतून उठत चालली होती. १८२४ मध्ये साडेतीन लाखांच्या आसपास झालेले मतदान १८२८ मध्ये अकरा लाखांवर गेले. हे मतदार जवळपास सगळे गोरे पुरुष होते, हे प्रत्येक वेळी लिहावे. अट उठवण्याचे श्रेय एकट्या जॅक्सनला देऊ नये. लाट आधीच आलेली होती, तिच्यावर स्वार व्हायचे कसब त्याचे.

बहुतेक चरित्रांत लोकशाहीचे प्रकरण वेगळे आणि मूलनिवासींचे वेगळे असते. त्याने वाचकाची दिशाभूल होते. हे आयुष्य तारखांच्या क्रमाने वाचावे, आणि १८३२ हे साल तर महिन्यामहिन्याने. मार्चमध्ये सरन्यायाधीश जॉन मार्शल याने वूस्टर खटल्यात निकाल दिला की चेरोकी या मूलनिवासी लोकांच्या भूमीवर जॉर्जिया राज्याचे कायदे चालणार नाहीत. जुलैमध्ये जॅक्सनने नकाराधिकार वापरून राष्ट्रीय बँकेची मुदतवाढ रोखली. श्रीमंत आणि बलवान लोक सरकारला आपल्या स्वार्थासाठी वाकवतात, असे कारण दिले. नोव्हेंबरमध्ये दक्षिण कॅरोलिनाने केंद्राची आयात जकात आपल्या हद्दीत रद्दबातल ठरवली, तेव्हा डिसेंबरच्या जाहीरनाम्यात त्याने बजावले की कोणतेही राज्य संघराज्याचा कायदा झुगारू शकत नाही. त्या वेळी जॉर्जिया मार्शलचा निकाल धाब्यावर बसवत होते, आणि त्याविरुद्ध राष्ट्राध्यक्षाने बोटही उचलले नाही. ज्याच्या खटल्यात तो निकाल लागला, तो जॉर्जियाने पकडलेला मिशनरी सॅम्युएल वूस्टर जानेवारी १८३३ पर्यंत तुरुंगातच राहिला. जॅक्सनवरचा खरा आरोप इथे आहे: दुर्बळांचा कैवार आणि कायद्याचे श्रेष्ठत्व ही दोन्ही तत्त्वे त्याला अचूक माहीत होती, आणि चेरोकींच्या बाबतीत त्याने दोन्ही बाजूला ठेवली. मार्शलनेच आता निकालाची अंमलबजावणी करावी, हे त्याच्या तोंडी घातले जाणारे प्रसिद्ध वाक्य मात्र उद्धृत करू नये. ते छापून आले ते त्याच्या मृत्यूनंतर. आरोपाला त्या वाक्याची गरजही नाही.

तो काळच तसा होता, हे समर्थनही तपासून घ्यावे. मूलनिवासींना मिसिसिपीच्या पश्चिमेला हलवण्याचा कायदा मे १८३० मध्ये प्रतिनिधिगृहात १०२ विरुद्ध ९७ मतांनी, म्हणजे अवघ्या पाच मतांनी, तरला. जॅक्सनच्याच टेनेसीचा प्रतिनिधी डेव्ही क्रॉकेट विरोधात उभा राहिला. चेरोकींपाशी स्वतःची लिपी होती, १८२७ ची राज्यघटना होती, १८२८ पासून वृत्तपत्र होते. ही भूमी सोडून देणारा १८३५ चा न्यू एकोटाचा करार त्यांच्यातल्या एका छोट्या गटाने केला. प्रमुख जॉन रॉस त्याच्या विरोधात होता. सिनेटने तो एका मताने मंजूर केला. प्रत्यक्ष हकालपट्टी १८३८ मध्ये, उत्तराधिकारी व्हॅन ब्यूरेनच्या काळात झाली. सुमारे १६,००० चेरोकींपैकी ४,००० च्या आसपास दगावले, असा सर्वसाधारण अंदाज दिला जातो.

नॅशव्हिलजवळच्या त्याच्या 'हर्मिटेज' मळ्यावर गुलाम राबत होते. १८०४ मध्ये पळालेल्या एका गुलामासाठी त्याने दिलेल्या जाहिरातीत, पकडणाऱ्याने मारलेल्या दर शंभर फटक्यांमागे दहा डॉलर जादा देऊ केले होते. ही जाहिरात प्रत्येक चरित्रात यायलाच हवी.

१८३५ मध्ये त्याने राष्ट्रीय कर्ज पूर्ण फेडले. बँक मोडल्यावर मोकाट सुटलेले कर्जवाटप आणि सरकारी जमिनीची किंमत सोन्या-चांदीतच घेण्याचा त्याचा हुकूम, यांचा वाटा १८३७ च्या आर्थिक अरिष्टात होता. इंग्लंडमधल्या घडामोडींचाही होता. ८ जून १८४५ रोजी तो वारला.

वीस डॉलरच्या नोटेवर १९२८ पासून त्याचे चित्र आहे. तिथे गुलामगिरीविरुद्ध लढलेल्या हॅरिएट टबमनचे चित्र छापण्याची घोषणा २०१६ मध्ये झाली. त्याच्या कारकिर्दीतले करार न्यायालयातही पुन्हा समोर आले. १८१४ मध्ये जॅक्सनने ज्या मूलनिवासी क्रीक लोकांना रणात हरवून त्यांची कोट्यवधी एकर जमीन घेतली, त्यांना १८३२ आणि १८३३ च्या करारांनी पश्चिमेला भूमी देऊ केली होती. जुलै २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ५ विरुद्ध ४ मतांनी ठरवले की ओक्लाहोमातले ते राखीव क्षेत्र काँग्रेसने कधीच मोडीत काढलेले नाही, आणि फौजदारी कायद्याच्या दृष्टीने ते आजही कायम आहे.

तुझा,
मामा