सुटलेली पट्टी
(चिकटण्याच्या क्रियेवरील पाठ : इयत्ता सहावी व सातवी, सामान्य विज्ञान. दोन तासिका)

प्रास्ताविक

आषाढ-श्रावणात आभाळ भरून आले म्हणजे खेड्यातील शाळेच्या वर्गात भर दुपारीही काळोखी दाटते. मागच्या रांगेतील मुलांना फळ्यावरील अक्षर दिसेनासे होते. अशा वेळी फळ्याच्या वरच्या अंगास एल.ई.डी. दिव्यांची चिकटपट्टी लावल्यास अल्प खर्चात आणि अल्प विजेत चांगला उजेड मिळतो. ही पट्टी कागदासारखी लवचिक असते व तिच्या पाठीस चिकटद्रव्य लावलेले असते. वरचा कागद सोलावयाचा आणि पट्टी भिंतीवर दाबावयाची, इतके हे काम सोपे वाटते.

एका खेड्यातील शाळेत अशी पट्टी लावली गेली. सातवीतील एका मुलाने गुरुजींच्या देखत मोठ्या हौसेने ती चिकटविली. तिसऱ्या दिवशी तास चालू असतानाच ती भिंतीपासून सुटली आणि फळ्यावर लोंबू लागली. एकाने म्हटले, "माल हलका निघाला." दुसऱ्याने म्हटले, "याने नीट दाबलीच नाही." तो मुलगा मान खाली घालून उभा राहिला.

मुख्याध्यापकांनी कोणासही बोल लावला नाही. त्यांनी वीज बंद करवून पट्टी खाली काढली आणि तिची पाठ वर्गाला दाखविली. चिकटद्रव्यावर टोकापासून टोकापर्यंत चुन्याची पांढरी भुकटी बसली होती. चिकटद्रव्याने जे धरले होते ते सोडलेच नव्हते; त्याने धरलेला चुनाच भिंतीपासून सुटला होता. मुलाच्या हातात दोष नव्हता आणि मालातही नव्हता.

या प्रसंगात एका उत्तम पाठाचे बीज आहे. पुष्कळ शाळांत चुन्याची भिंत असते आणि चिकटपट्टीही मिळते. तेव्हा दिव्यांची पट्टी नसलेल्या शाळेसही हा पाठ घेता येईल.

पाठाचे उद्देश

१. दोन पदार्थ एकमेकांस कसे चिकटतात, याची प्रयोगाने ओळख करून देणे.
२. जोड नेहमी त्यातील सर्वांत दुबळ्या थरापाशी सुटतो, हे तत्त्व मुलांकडून काढवून घेणे.
३. दोष ठरविण्यापूर्वी पुरावा पाहण्याची सवय लावणे.

साहित्य

पारदर्शक चिकटपट्टी, काळा कागद, काचेचा तुकडा अथवा आरसा, साबण, खोबरेल तेल, पोलादी ताट, लहान कापडी पिशवी, थोडे खडे. दिव्यांची जुनी, निकामी पट्टी मिळाल्यास उत्तम.

प्रस्तावना

मुलांच्या नित्याच्या अनुभवापासून आरंभ करावा. भिंतीवर थापलेली गोवरी का चिकटते? शेण ओले असताना ते भिंतीच्या लहानमोठ्या खळग्यांत शिरते व तेथेच वाळते. त्यामुळे गोवरी खळग्यांना धरून राहते. गवंडी गिलावा करण्यापूर्वी गुळगुळीत भिंत टाकीने खडबडीत करतो आणि तिच्यावर पाणी मारतो. त्याचेही कारण हेच.

मग वर्गातील पालीकडे मुलांचे लक्ष वेधावे. पालीच्या पायांस डिंक नसतो, तरी ती गुळगुळीत भिंतीवरून धावते. तिच्या बोटांखाली अत्यंत सूक्ष्म केस असतात आणि प्रत्येक केसाच्या टोकास त्याहूनही सूक्ष्म फाटे असतात. हे फाटे पृष्ठभागाच्या इतके निकट जातात की दोहोंच्या रेणूंमधील स्वाभाविक आकर्षण पालीचा भार तोलून धरते. केलर ऑटम व त्यांच्या सहकाऱ्यांनी २००० आणि २००२ साली मोठ्या जातीच्या पालीवर प्रयोग करून हे दाखविले. चिकटण्यासाठी निकट स्पर्श हवा, एवढे मुलांच्या ध्यानी आले म्हणजे पुरे.

हेतुकथन

"चिकटविलेली पट्टी का सुटते आणि ती सुटू नये म्हणून काय करावे, हे आज आपण शोधून काढू."

विषयविवेचन

प्रयोग पहिला : हात कोणाचा पांढरा?

प्रथम मुलांकडून चुन्याच्या भिंतीवर तळहात फिरवून घ्यावा. तो पांढरा होईल. मग भिंतीच्या खालच्या भागास ऑइल पेंट दिलेला असल्यास त्यावर, अथवा पोलादी कपाटावर, हात फिरवावा. तो स्वच्छ राहील. आता बोटभर लांबीचे चिकटपट्टीचे तुकडे चुन्यावर, रंगावर व काचेवर दाबून बसवावेत आणि ओढून काढावेत. काढलेले तुकडे काळ्या कागदावर एकाखाली एक चिकटवावेत. चुन्यावरील तुकड्याखाली पांढरा थर स्पष्ट दिसेल.

येथे चुन्याचे थोडे विवेचन करावे. भिजविलेला चुना भिंतीवर दिला म्हणजे तो हवेतील कार्बन डाय-ऑक्साइड वायू शोषून हळूहळू खडूच्याच जातीचा पदार्थ बनतो. हा थर पांढराशुभ्र दिसतो, परंतु त्याचे कण एकमेकांस व भिंतीस घट्ट धरून नसतात. म्हणून जुन्या काळापासून चुन्यात डिंक अथवा सरस मिसळण्याची रीत आहे. पावसाळ्यात भिंतीस ओल येऊन लोणा लागला म्हणजे आतले क्षार वर येतात आणि रंगाचे पोपडे सुटतात. अशा भिंतीवर कितीही उत्तम पट्टी लावली, तरी ती भुकटीसच चिकटते.

प्रयोग दुसरा : थेंब पसरतो की गोळा होतो?

काचेचा अर्धा भाग साबणाने स्वच्छ धुऊन वाळवावा व उरलेल्या अर्ध्या भागावर खोबरेल तेलाचे बोट फिरवावे. दोन्हीकडे पाण्याचा एकेक थेंब टाकावा. स्वच्छ काचेवर थेंब पसरेल. तेलकट काचेवर तो फुगीर राहील. चिकटद्रव्यालाही असेच पसरावे लागते, तरच निकट स्पर्श होतो. तेलकट हात लागलेल्या जागी, धुराने काळवंडलेल्या भिंतीवर किंवा थंडीने चिकटद्रव्य ताठर झाले असता ते नीट पसरत नाही.

येथे एक चतुर मुलगा विचारील, "गोवरीला खडबडीत भिंत चालते, मग पट्टीला का चालू नये?" हा प्रश्न न आल्यास शिक्षकांनीच तो विचारावा. ओले शेण वाहून खळग्यात शिरते. पट्टीवरील चिकटद्रव्याचा थर अतिशय पातळ असतो व तो खळग्याच्या तळाशी पोहोचत नाही. तो केवळ उंचवट्यांच्या माथ्यांवर टेकतो. म्हणून पट्टीस गुळगुळीत पृष्ठभाग हवा. किंचित खरखरीत पृष्ठभागावर जाड, मऊ फोमची दुहेरी चिकटपट्टी अधिक उपयोगी पडते, कारण ती दबून खळग्यांशी मिळते.

प्रयोग तिसरा : ओढणे आणि सोलणे

चिकटपट्टीचा वीतभर तुकडा घ्यावा. त्याचा पाच सेंटिमीटर भाग उभ्या धरलेल्या पोलादी ताटाच्या सपाट अंगावर दाबून बसवावा. मोकळे टोक खाली सोडून त्यास पिशवी बांधावी व तीत एकेक खडा टाकावा. पिशवी बराच भार तोलून धरील. आता तसाच दुसरा तुकडा आडव्या धरलेल्या ताटाच्या खालच्या बाजूस चिकटवावा आणि त्याच पिशवीचा भार द्यावा. पट्टी एका कडेपासून सोलत येईल व पिशवी पडेल.

पहिल्या वेळी भार सर्व चिकटलेल्या भागावर वाटला गेला. दुसऱ्या वेळी तो एका वेळी एकाच बारीक रेषेवर पडला. ती रेषा सुटली की पुढची, मग त्यापुढची. गोवरी भिंतीवरून काढताना आई ती सरळ ओढीत नाही, कडेस हात घालून उचलते, हे मुलांना आठवेल. दिव्यांची पट्टीही बहुधा मध्यभागी सुटत नाही. जेथे तार लोंबते ते टोक, जेथे पट्टी वाकविली आहे तो कोपरा, जेथे गुंडाळीचा बाक राहिला आहे ती जागा, येथून सोलणे सुरू होते.

उष्णतेचा भाग

एल.ई.डी. दिवा जुन्या तारेच्या दिव्याहून पुष्कळ कमी तापतो, परंतु मुळीच तापत नाही असे नव्हे. बाजारात मीटरमागे सुमारे ४.८ वॅटच्या व १४.४ वॅटच्या पट्ट्या मिळतात. दुसरी अधिक तापते. उष्णतेने चिकटद्रव्य मऊ पडते आणि स्वतःतच ताणले जाऊन तुटते. म्हणून अधिक वॅटची पट्टी ॲल्युमिनियमच्या पन्हळीत बसवितात. धातू उष्णता वाहून नेतो व पन्हळ स्क्रूने पक्की धरता येते.

फळ्यावरील सारांश

सुटलेल्या पट्टीची पाठ काय सांगते?

१. पाठीवर भुकटी किंवा रंगाचे पोपडे : भिंतीचा थर दुबळा.
२. पाठ स्वच्छ, भिंतही स्वच्छ : स्पर्श अपुरा. पृष्ठभाग तेलकट, ओला, थंड किंवा खडबडीत. अथवा दाब कमी.
३. चिकटद्रव्य तंतू होऊन दोन्हीकडे राहिले : उष्णता अधिक किंवा भार अधिक.
४. चिकटद्रव्य सर्व भिंतीवर राहिले, पट्टी कोरी निघाली : चिकटद्रव्य पट्टीच्याच पाठीस नीट धरले नव्हते. येथे मालाचा दोष संभवतो.

या चारांवरून सामान्य सिद्धांत मुलांकडूनच वदवून घ्यावा : जोड सर्वांत दुबळ्या थरापाशी सुटतो; म्हणून प्रथम तो थर ओळखावा व मग उपाय करावा.

उपयोजन : पट्टी लावण्याची रीत

चुन्याच्या भिंतीवर सर्वांत खात्रीचा उपाय म्हणजे पट्टी चुन्यावर लावूच नये. गुळगुळीत रंधलेली लाकडी पट्टी स्क्रूने भिंतीत पक्की करावी, तिला ऑइल पेंट द्यावा, रंग काही दिवस पूर्ण कडक होऊ द्यावा आणि तिच्यावर दिव्यांची पट्टी चिकटवावी. हे शक्य नसल्यास पट्टीपुरता चुना खरवडून काढावा, ओल्या फडक्याने भुकटी पुसावी, जागा वाळवावी आणि प्राइमर व रंग द्यावा. ओल किंवा लोणा असल्यास आधी त्याचा बंदोबस्त करावा.

लावण्यापूर्वी जागा स्पिरिटने पुसावी. रॉकेल वापरू नये. त्याचा तेलकट थर मागे राहतो. स्पिरिट पेट घेणारे असल्याने हे काम शिक्षकांनी स्वतः, ज्योतीपासून दूर करावे. पट्टी आदल्या रात्री गुंडाळीतून सोडवून सपाट ठेवावी. हिवाळ्यातील पहाट टाळून उन्हे वर आल्यावर काम करावे. कागद एकदम न सोलता वीतवीतभर सोलावा, चिकटद्रव्यास बोट लावू नये, पट्टी ताणू नये. दिव्यांच्या मधल्या जागेवर अंगठ्याने सावकाश, भरपूर दाब द्यावा. या जातीचे चिकटद्रव्य दाबास प्रतिसाद देते, आणि दाबानंतरही त्याची पकड वाढत जाते. ती पूर्ण होण्यास सुमारे तीन दिवस लागतात. तोवर तिला हात लावू नये व निदान पहिला दिवस दिवे लावू नयेत.

दर ३० सेंटिमीटरवर एक आणि दोन्ही टोकांस एक अशा प्लॅस्टिकच्या चापांनी पट्टीस आधार द्यावा. टोकाची तार भिंतीस वेगळी पक्की करावी, म्हणजे तिचा भार पट्टीवर येणार नाही. एकदा भुकटी बसलेली पट्टी पुन्हा दाबून उपयोग नाही. जुने चिकटद्रव्य काढून नवी दुहेरी चिकटपट्टी लावावी.

सावधगिरी

शाळेत १२ अथवा २४ व्होल्टवर चालणारी व ॲडॉप्टर लागणारी पट्टीच घ्यावी. घरगुती विजेच्या पूर्ण दाबावर थेट चालणारी पट्टीही बाजारात मिळते. मुलांच्या हातांशी येणाऱ्या जागी ती लावू नये. पट्टीतून खिळा ठोकू नये. कापावयाची असल्यास खुणेच्या रेषेवरच कापावी. ॲडॉप्टर जोडण्याचे काम जाणत्या मोठ्या माणसाने करावे. उंचावरील काम मुलांकडून करवून घेऊ नये.

जादा माहिती

वेळ उरल्यास मुलांना सांगावे की, अमेरिकेतील रिचर्ड ड्रू या तंत्रज्ञाने मोटारींना दोन रंग देणाऱ्या कारागिरांची अडचण पाहून १९२५ साली कागदी चिकटपट्टी तयार केली, आणि १९३० साली पारदर्शक पट्टी. निळा प्रकाश देणाऱ्या एल.ई.डी.च्या शोधामुळे पांढरा उजेड शक्य झाला. त्याबद्दल इसामु आकासाकी, हिरोशी अमानो व शुजी नाकामुरा यांना २०१४ सालचे पदार्थविज्ञानाचे नोबेल पारितोषिक मिळाले.

स्वाध्याय

१. घरातील पाच पृष्ठभागांवर चिकटपट्टी लावून काढा. प्रत्येक तुकड्याच्या पाठीवर काय आले ते लिहा.
२. सुटलेल्या तीन वस्तू शोधा : चपलेचा तळ, वहीचे पुठ्ठे, पाकिटाची कड. कोणता थर दुबळा होता ते सांगा.
३. गोवरी, पाल व चिकटपट्टी यांच्या चिकटण्यात साम्य कोणते व भेद कोणता?

समारोप

उपरिनिर्दिष्ट शाळेत पुढे लाकडी पट्टी बसविली गेली. शिक्षकांनी वर चढून दिव्यांची पट्टी लावली. पण चुन्याचा पृष्ठभाग कसा तपासावा, कोठे दाब द्यावा आणि तार कोठे बांधावी, हे खाली उभे राहून सांगत होता तो सातवीतील तोच मुलगा. मान खाली घालून उभ्या राहिलेल्या मुलास एका पाठाने जाणता केले. वर्गात रोज काही ना काही तुटते, सांडते, सुटते. त्या वेळी कोणी केले असे विचारण्याआधी काय झाले असे विचारले, तर विज्ञानाचा पाठ तेथेच सुरू होतो आणि मुलाचा मानही राहतो.