बटण दाबण्याआधी ती ओळ वाच

अगं, काल फोनवर तू किती हळू आवाजात म्हणालीस, "ताई, मला कमांड येत नाहीत, मी झेनमॅपवरच काम भागवते, कुणाला सांगू नकोस." त्यात लपवण्यासारखं काय आहे? मोशीहून कंपनीच्या बसने चाकणला जायला लागून तुला जेमतेम तीन महिने झालेत. काळ्या स्क्रीनला बिचकणारच. गॉर्डन लायन यांनी १९९७ मध्ये नेटवर्क स्कॅन करणारं एनमॅप आणलं, ते कमांडवर चालणारं. झेनमॅप ही त्याला बसवलेली खिडकी. आत राबतं ते एनमॅपच.

पण एक मनावर घे. 'टार्गेट'च्या खाली 'कमांड' नावाचा लांबट चौकोन आहे ना, तिकडे तुझं लक्षच जात नसेल. माझंही जात नव्हतं. 'इंटेन्स स्कॅन' निवडलंस की तिथे एनमॅपपुढे टी-फोर, ए, व्ही अशी अक्षरं उमटतात. टी म्हणजे वेग. शून्य ते पाच अशा पायऱ्या, त्यात चार म्हणजे चांगलाच घाईचा. ए म्हणजे समोरच्या मशीनवर कोणती सिस्टीम, कोणत्या सेवा, कोणती आवृत्ती, सगळं खोदून खोदून विचारणं. व्ही म्हणजे चाललंय ते सविस्तर सांग. ऑफिसातला कॉम्प्युटर हे निमूट सोसतो. शॉप फ्लोअरवर यंत्रं चालवणारा जुना पीएलसी सोसेलच असं नाही.

माझ्या पहिल्या नोकरीत, चाकणच्याच एका कारखान्यात, मला फक्त किती आयपी वापरात आहेत ते मोजायचं होतं. सवयीने तेच 'इंटेन्स स्कॅन' प्रोफाइल ठेवलं आणि स्कॅन दाबलं. ऑफिसचं आणि लाइनचं नेटवर्क एकच होतं, हे मला ठाऊक नव्हतं. सेकंड शिफ्टला पीएलसी हँग झाला, कन्व्हेयर जागच्या जागी थांबला. मेंटेनन्सचे दादा टॉर्च धरून पॅनेल उघडत होते आणि मी मागे उभी. तो पाऊण तास मी विसरलेले नाही.

तेव्हा 'पिंग स्कॅन' पुरला असता. तो निवडला की ओळीत नुसतं एस-एन येतं. कोण जागं आहे तेवढं बघ, पोर्ट स्कॅन करू नकोस, इतकाच त्याचा अर्थ. लाइनच्या नेटवर्कवर मात्र तेही मेंटेनन्सला विचारून, शटडाउनमध्येच. आणि परवानगी मेलवर घे. परवानगीवाचून दुसऱ्याच्या नेटवर्कमध्ये शिरणं माहिती तंत्रज्ञान कायदा, २०००च्या कलम ४३ मध्ये येतं.

खिडकी सोडू नकोस हं. दोन स्कॅन शेजारी ठेवून ती फरक दाखवते, तो नुसत्या डोळ्यांनी शोधायचा तर जीव जातो. पण एखाद्या रात्री एसएसएचने सर्व्हरवर शिरावं लागेल, तिथे खिडकी नसेल. त्यासाठी रोज एक ओळ वहीत उतरवून ठेव. न कळलेलं अक्षर मला विचार. रात्री कितीही वाजले तरी फोन कर.