पान लागले तर

रात्री मळ्यात पाणी धरताना एखाद्याला पान लागते. घरात रडारड होते. कोणी म्हणतो, "देवऋषीकडे न्या." कोणी लिंबाचा पाला चघळायला देतो. आम्ही म्हणतो, आधी दवाखाना गाठा. का, ते पाहू.

आपल्याकडे चार विषारी साप मुख्य आहेत. नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे. नाग व मण्यार यांच्या विषाने पापण्या जड होतात, श्वास अडतो. घोणस व फुरसे यांच्या विषाने रक्त गोठत नाही, ते वाहतच राहते.

यावर औषध आहे. घोड्याला हे विष थोडे थोडे टोचतात. घोडा मरत नाही. त्याच्या रक्तात विषाला अडवणारी द्रव्ये तयार होतात. त्यांना प्रतिद्रव्ये म्हणतात. मारक्या बैलाला वेसण घालावी, तशी ती विषाला आवरतात. त्या रक्तापासून औषध करतात. फ्रान्सच्या काल्मेत यांनी १८९५ साली असे औषध माणसासाठी तयार केले. मुंबईच्या हाफकिन संस्थेनेही ते बनवले. आपल्याकडची एकच कुपी चारही सापांवर चालते. म्हणून साप मारून आणण्यात वेळ दवडू नका.

पण घोड्याची द्रव्ये आपल्या अंगाला परकी. कोणाला पुरळ उठते, कोणाला धाप लागते. डॉक्टर जवळ असले, की त्यावर लगेच इलाज होतो. म्हणून हे औषध दवाखान्यातच घ्यायचे.

आता शास्त्रज्ञ घोड्याशिवाय औषध करू पाहत आहेत. २०२४ साली बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेने व अमेरिकेतील शास्त्रज्ञांनी माणसाच्या जातीचे एक प्रतिद्रव्य प्रयोगशाळेत तयार केले. नाग, मण्यार आणि आफ्रिकेतला काळा माम्बा, यांच्या एकेका जातीचे विष टोचलेले उंदीर त्याने वाचले. मात्र घोणस आणि फुरसे यांचे विष निराळे. त्यांना निराळी प्रतिद्रव्ये लागतील. सगळ्यांचे मिश्रण व्हायचे आहे, माणसांवर पारख व्हायची आहे.

नवे औषध येईल तेव्हा येईल. आजचे औषधही जीव वाचवते. पण ते वेळेवर मिळाले पाहिजे.

म्हणून दोरी आवळू नका. जखम चिरू नका, चोखू नका. माणसाला चालवू नका. त्याला धीर द्या आणि थेट दवाखान्यात न्या.

सांगा पाहू :
१. प्रतिद्रव्ये काय करतात?
२. तुमच्या गावाजवळ हे औषध कोणत्या दवाखान्यात मिळते? आजच विचारून ठेवा.